सरकारशी केलेला सौदा

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. एका संध्याकाळी आमच्या गावचा एक सुतार माझ्या ओसरीवर येऊन बसला. हा माझा जुना विद्यार्थी. पिशवीतून एक चुरगळलेला कागद काढून त्याने माझ्यापुढे ठेवला. एका शाळेसाठी बाके करून देण्याचे टेंडर निघाले होते, त्याची ती जाहिरात होती. जाहिरातीत अट अशी की, ज्याने असे काम पूर्वी निदान तीन वर्षे केले असेल त्यानेच टेंडर भरावे. याने अट वाचली, आपले काम दोनच वर्षांचे भरते असे पाहिले आणि प्रामाणिकपणे टेंडर भरलेच नाही. पुढे कळले ते असे की, ज्याला काम मिळाले त्याला एका वर्षाचाही अनुभव नव्हता.

"गुरुजी," तो म्हणाला, "सरकारने आपणच घातलेली अट आपणच मोडली, तर दाद कोठे मागायची?"

मी विचारले, "बाके झाली का रे?"

"झाली की. चार महिने झाले, पोरे बसतात त्यांवर."

त्या दिवशी मला त्याला उत्तर देता आले नाही. उभा जन्म मुलांना इतिहास शिकविण्यात गेला. शिवकालीन अष्टप्रधान आणि पेशवाईतील मामलेदारांचे हिशेब मला तोंडपाठ. पण आजचे सरकार बाके कोणत्या नियमाने विकत घेते आणि तो नियम मोडला तर सामान्य माणसाने काय करावे, हे मला ठाऊक नव्हते. मनाला ते लागले. माझ्या एका वकील मित्राच्या कपाटातील न्यायनिर्णयांचे जुने ग्रंथ मी पुढे कित्येक दुपारी चाळले. वाचता वाचता एक नवल वाटण्यासारखी गोष्ट ध्यानात आली. सरकारशी केलेल्या सौद्याविषयी या देशात जो कायदा घडत गेला, त्याच्या प्रारंभीच्या प्रकरणांत आमच्या भंडारा जिल्ह्याचे नाव पुन्हा पुन्हा येते. त्या प्रकरणांची हकीकत मी आज आपणांस सांगणार आहे. शेवटी त्या सुताराच्या प्रश्नाचेही उत्तर देण्याचा यत्न करीन.

भंडारा म्हटले म्हणजे परक्या माणसाला वैनगंगा, धानाची बांधी, पितळेची भांडी आणि ठायी ठायी पसरलेले तलाव आठवतात. परंतु या मुलखाचा व्यापार बरीच वर्षे एका पानावर चालला, ते म्हणजे तेंदूचे पान. येथे एक खुलासा करावयास हवा. आज गोंदिया हा निराळा जिल्हा आहे. पण १ मे १९९९ पूर्वी तो भंडारा जिल्ह्याचाच भाग होता. म्हणून मी सांगतो त्या काळचा भंडारा म्हणजे आजचे दोन्ही जिल्हे समजावेत. वैशाखाच्या उन्हात पहाटेच जंगलात जाऊन बायामाणसे पाने तोडतात, सत्तर सत्तर पानांचे पुडे बांधतात आणि फळीवर, म्हणजे पाने मोजून घेण्याच्या जागेवर, आणून देतात. ती पाने वाळली की विडीच्या कारखान्यांकडे जातात. हे जंगल स्वातंत्र्यापूर्वी पुष्कळसे मालगुजारांचे आणि जमीनदारांचे होते. त्यांच्याशी करार करून व्यापारी पाने, लाख आणि लाकूड नेत असत.

सरकार या व्यवहारात दोन नात्यांनी येते. कधी ते गिऱ्हाईक असते. फौजेसाठी धान्य, दवाखान्यासाठी औषध, शाळेसाठी बाके ते विकत घेते. कधी ते विकणारे असते. जंगलाचा, घाटाचा, तलावातील मासळीचा ते लिलाव करते. गिऱ्हाईक झाले काय किंवा विकणारे झाले काय, त्याच्या गाठीचा पैसा रयतेचा आणि विकला जाणारा मालही रयतेचाच. खासगी सावकाराने आपल्या मेव्हण्याला मक्ता दिला तर तो त्याच्या घरचा प्रश्न आहे. सरकारने तसे केले तर तो सर्वांचा प्रश्न होतो. आज हे आपणांस उघड वाटते. परंतु न्यायासनाच्या तोंडून इतक्या स्पष्टपणे हे वदविले जाण्यास कित्येक वर्षे लागली.

प्रथम जुन्या काळी दाद मागण्याची वाट कशी होती ते पाहू. इंग्रजी अमदानीत मुंबई, मद्रास व कलकत्ता या तीन शहरांच्या वरिष्ठ न्यायालयांना आपल्या हद्दीपुरता एक विशेष अधिकार होता. सरकारी अधिकाऱ्याचा बेकायदा हुकूम ती आज्ञापत्र काढून थेट रद्द करू शकत. आमच्या प्रांतासाठी नागपूरचे हायकोर्ट १९३६ साली स्थापन झाले. पण हा अधिकार त्याला नव्हता. म्हणजे भंडाऱ्याच्या माणसावर कचेरीत अन्याय झाला, तर त्याने वरच्या साहेबाकडे विनंती-अर्ज करावा, नाहीतर दिवाणी कायद्याच्या ८० व्या कलमाप्रमाणे सरकारला दोन महिन्यांची नोटीस देऊन दावा लावावा. दोन महिन्यांत पानांचा हंगाम संपून जातो आणि दाव्याचा निकाल लागेपर्यंत जंगल दोनदा तोडून होते! २६ जानेवारी १९५० रोजी राज्यघटना अमलात आली, तेव्हा २२६ व्या कलमाने देशातील प्रत्येक हायकोर्टाला हा अधिकार मिळाला आणि मूलभूत हक्कांसाठी ३२ व्या कलमाने थेट सुप्रीम कोर्टाचे दार उघडले. आमच्या आडवळणाच्या जिल्ह्यातील माणसे या दारांशी किती लवकर जाऊन उभी राहिली, हे पाहिले म्हणजे कौतुक वाटते.

आता पहिले प्रकरण. स्वतंत्र भारताची पहिली सार्वत्रिक निवडणूक १९५१-५२ साली झाली. भंडारा हा लोकसभेचा दोन जागांचा मतदारसंघ होता. त्यांतील एक जागा सर्वसाधारण आणि दुसरी अनुसूचित जातींसाठी राखीव होती. नोव्हेंबर १९५१ मध्ये उमेदवारीचे कागद दाखल झाले आणि त्यांची छाननी झाली. सर्वसाधारण जागेवर चतुर्भुज विठ्ठलदास जसानी निवडून आले. जसानी हे मूलजी सिक्का आणि कंपनी या विडीच्या व्यापारी पेढीचे भागीदार होते. ही पेढी फौजेच्या कँटीनसाठी सरकारला विड्या पुरवीत असे. निवडणुकीच्या कायद्यात असे कलम होते की, सरकारला माल पुरविण्याच्या करारात ज्याचा हितसंबंध आहे त्याला संसदेचे सभासद होता येणार नाही. काही मतदारांनी या कलमावर बोट ठेवून निवडणुकीविरुद्ध अर्ज केला. प्रकरण निवडणूक न्यायाधिकरणापुढून सुप्रीम कोर्टात गेले आणि ९ फेब्रुवारी १९५४ रोजी त्याचा निकाल लागला. निकालपत्र न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी लिहिले. बोस हे नागपूर हायकोर्टाचे माजी मुख्य न्यायाधीश. तेव्हा या मुलखाची माहिती त्यांना पुस्तकातून मिळवावी लागली नसेल.

जसानींच्या बाजूने एक मोठा नाजूक मुद्दा मांडण्यात आला. घटनेचे २९९ वे कलम सांगते की, सरकारचा करार हा राष्ट्रपतीच्या अथवा राज्यपालाच्या नावाने, अधिकार दिलेल्या माणसाने आणि ठरलेल्या रीतीनेच झाला पाहिजे. विड्यांचा हा व्यवहार तर केवळ पत्रापत्रीने चालला होता. मग तो कायद्याच्या दृष्टीने करारच नव्हे, आणि करारच नाही तर हितसंबंध कसला? श्रोतेहो, युक्तिवाद मोठा चतुर खरा. परंतु न्यायमूर्ती बोस यांनी तो मान्य केला नाही. सरकारचे शेकडो अधिकारी रोज लहानसहान खरेदी करतात. त्या प्रत्येक खरेदीला भारदस्त दस्तऐवज हवाच असे म्हटले, तर राज्याचा गाडा अडून बसेल आणि सरळपणे माल देणारा व्यापारी नाडला जाईल, असा त्यांच्या विवेचनाचा आशय होता. आपण पेढीतून अगोदरच निवृत्त झालो होतो, हे म्हणणेही टिकले नाही. भागीदाराने भागीदारी सोडली, तरी अंगावर घेतलेल्या जुन्या कराराची जबाबदारी दुसऱ्या पक्षाच्या संमतीवाचून सुटत नाही. जसानी अपात्र ठरले.

याच प्रकरणात दुसरा एक कागद होता आणि तोही तितकाच महत्त्वाचा आहे. राखीव जागेसाठी गंगाराम ठवरे यांनी उमेदवारी केली होती. ते जन्माने महार. पण त्यांनी महानुभाव पंथ स्वीकारला होता. पंथ बदलला म्हणून ते आता अनुसूचित जातीचे राहिले नाहीत, असे ठरवून छाननीत त्यांचा कागद नामंजूर झाला होता. सुप्रीम कोर्टाने हा निर्णय चुकीचा ठरविला. पंथ घेतल्यानंतरही त्यांचा स्वतःच्या जातीशी संबंध तुटला नव्हता आणि जातीनेही त्यांना आपलेच मानले होते. मग कागद नाकारण्यास आधार कोणता? कोर्टाने निवडणूक रद्द ठरविलेलीच कायम राहिली.

या निकालाने भंडाऱ्यात काय झाले ते पुष्कळांना ऐकून ठाऊक असेल. पण त्याचे मूळ क्वचितच कोणी सांगतो. मे १९५४ मध्ये भंडाऱ्याला पोटनिवडणूक झाली आणि राखीव जागेसाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले. घटनेच्या मसुदा समितीचा अध्यक्ष आमच्या जिल्ह्यात मते मागण्यासाठी आला. त्या जागेवर काँग्रेसचे भाऊराव बोरकर निवडून आले, आणि सर्वसाधारण जागा प्रजासमाजवादी पक्षाचे अशोक मेहता यांना मिळाली. बाबासाहेबांची लोकसभेची ती अखेरची निवडणूक. फौजेला विड्या पुरविण्याच्या पत्रव्यवहारातून आणि छाननीच्या टेबलावरील एका नाकारलेल्या कागदातून इतिहासाचे हे पान लिहिले गेले.

या प्रकरणाकडे पाहताना मला राहून राहून वाटते की, त्या छाननीत जे घडले तेच टेंडरच्या छाननीतही घडते. घ्यावयास नको होता तो एक कागद घेतला गेला आणि टाकावयास नको होता तो एक कागद टाकला गेला. चूक कदाचित शुद्ध हेतूने झाली असेल. तरी ती तपासून पाहण्याची वाट नसती, तर ती तशीच कायम झाली असती.

करारांच्या रीतीविषयीचा बोस यांचा उदार दृष्टिकोन मात्र पुढे टिकला नाही, हेही सांगितले पाहिजे. १९६१ साली भिकराज जयपुरिया यांच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने ठरविले की, ही रीत सार्वजनिक पैशाच्या रक्षणासाठी घातलेली आहे, आणि ती पाळली नाही तर करार सरकारवर बंधनकारक होत नाही. रेल्वेच्या एका अधिकाऱ्याने आपल्या सहीने धान्याच्या मागण्या दिल्या होत्या. त्या करार म्हणून उभ्या राहिल्या नाहीत. मग ज्याने माल दिला त्याने काय करावे? त्याच वर्षीच्या पश्चिम बंगाल सरकार व बी. के. मंडल यांच्या प्रकरणात याचे उत्तर मिळाले. करार नसला तरी सरकारने काम स्वीकारून त्याचा उपभोग घेतला असेल, तर करार-कायद्याच्या ७० व्या कलमाप्रमाणे मोबदला द्यावा लागतो. आणि ज्या कलमामुळे जसानी अपात्र ठरले, ते कलमही पुढे अधिक रेखीव करण्यात आले. १९६६ च्या दुरुस्तीने ९-अ हे नवे कलम आले. आपल्या धंद्याच्या ओघात सरकारशी केलेला आणि प्रत्यक्ष चालू असलेला करारच आता आड येतो.

दुसरे प्रकरण जंगलाचे. मालगुजारी आणि जमीनदारी नष्ट करणारा कायदा तेव्हाच्या मध्यप्रदेश राज्याने १९५० साली केला आणि ३१ मार्च १९५१ रोजी त्या मालकांचे हक्क सरकारजमा झाले. परंतु मालकांनी त्यापूर्वीच व्यापाऱ्यांशी जे करार केले होते त्यांचे काय? पाने तोडण्याचा, लाख लावण्याचा, झाडे कापण्याचा हक्क पैसे मोजून घेतलेला होता. १९५२ च्या अखेरीस छोटाभाई जेठाभाई पटेल या विडीच्या पेढीच्या अर्जावर सुप्रीम कोर्टाने व्यापाऱ्यांच्या बाजूने निकाल दिला आणि सरकारने या करारांत हात घालू नये असे सांगितले. व्यापाऱ्यांनी सुटकेचा श्वास सोडला. पण तो फार दिवस टिकला नाही.

१९५८ साली शांताबाई विरुद्ध मुंबई राज्य हे प्रकरण आले. मुंबई राज्य अशासाठी की, १९५६ च्या राज्यपुनर्रचनेनंतर विदर्भ मुंबई राज्यात गेला होता. या बाईंना जमीनदार पतीने एप्रिल १९४८ मध्ये सव्वीस हजार रुपयांच्या मोबदल्यात जंगलातील लाकूड बारा वर्षांहून अधिक काळ तोडून नेण्याचा हक्क लिहून दिला होता. दस्तऐवज नोंदविलेला नव्हता. जमीनदारी गेल्यावर बाईंनी भंडाऱ्याच्या डेप्युटी कमिशनरकडे अर्ज केला. तेथून रीतसर परवानगी मिळाली. त्या भरवशावर तोड सुरू झाली. तोच जंगलखात्याच्या अधिकाऱ्याने हरकत घेऊन त्यांचे नाव रद्द करण्याचा आणि तोडलेला माल जप्त करण्याचा हुकूम काढला. बाई राज्य सरकारकडे गेल्या. तेथे काही निष्पन्न झाले नाही. शेवटी त्यांनी ३२ व्या कलमाखाली सुप्रीम कोर्ट गाठले.

एका कचेरीने हो म्हणावे आणि दुसरीने नाही म्हणावे, हा अनुभव आपल्यापैकी किती जणांना आला असेल! परंतु कोर्टाने प्रश्न पाहिला तो निराळ्या बाजूने. हा कागद जमिनीतील हक्क देतो असे म्हणावे, तर तो नोंदविलेला नाही आणि तसा हक्क सरकारजमाही झाला. हा केवळ दोघांतील करार आहे असे म्हणावे, तर ज्याने तो केलाच नाही त्या सरकारवर तो लादता येत नाही. कोणत्याही अंगाने पाहिले तरी मूलभूत हक्काचा भंग ठरत नव्हता, आणि अर्ज नामंजूर झाला. न्यायमूर्ती बोस निवृत्त झाले होते. त्यांना पुन्हा पाचारण करण्यात आले होते. त्यांनी आपल्या स्वतंत्र निकालपत्रात एका प्रश्नाचा मोठा सुरेख उलगडा केला. उभे लाकूड आणि उभे झाड यांत भेद काय? जे लवकरच तोडावयाचे आहे ते लाकूड, ती जंगम चीज. जे पुढील कित्येक वर्षे मातीतून रस ओढून वाढणार आहे ते झाड, ती स्थावर मिळकत. बारा वर्षे तोडीचा हक्क हा म्हणून स्थावरातील हक्क, आणि तो नोंदणीवाचून मिळत नाही.

लगेच पुढच्या वर्षी, १९५९ साली, महादेव विरुद्ध मुंबई राज्य या प्रकरणात तेंदूच्या पानांचे आणि लाखेचे करार पुन्हा तपासले गेले. निकाल लिहिला न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांनी, तेही नागपूर हायकोर्टाचे माजी मुख्य न्यायाधीश. १९५२ चा निर्णय त्यांनी मानला नाही. झाडे जोपासून वर्षानुवर्षे पाने घेण्याचा हक्क म्हणजे केवळ मालाची खरेदी नव्हे, तो मालकी हक्काचाच अंश आहे, आणि म्हणून तो सरकारजमा झाला, असे त्यांनी ठरविले. जंगल सरकारचे झाले आणि पानही सरकारचे झाले.

आणि म्हणूनच तिसरा प्रश्न उभा राहिला. पानाचा मालक आता सरकार. मग ते पान सरकारने कोणाला आणि कसे विकावे? मालगुजाराला कोणी हा प्रश्न विचारला नव्हता. सरकारला मात्र तो विचारला गेला, आणि त्याचे उत्तर ओरिसातून आले. तेथे या पानास केंदू म्हणतात आणि त्याचा व्यापार १९६१ च्या कायद्याने सरकारने आपल्या हाती घेतला होता. सरकारने पुढे असे ठरविले की, जे जुने परवानेदार आहेत त्यांनाच नव्या सौद्याची संधी द्यावी, इतरांना विचारू नये. जानेवारी १९६९ मध्ये रासबिहारी पंडा यांच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने ही पद्धत मोडून काढली. व्यापार सरकारने घेतला तो लोकांच्या हितासाठी घेतला. त्याच्या आडून ठराविक व्यापाऱ्यांची मक्तेदारी पोसता येणार नाही. मैदान सर्वांना खुले केले पाहिजे, हा त्या निर्णयाचा गाभा आहे. त्याच १९६९ साली महाराष्ट्रानेही वनोपजाच्या व्यापाराचे नियमन करणारा कायदा केला. तेव्हा आमच्या जिल्ह्यातील पानाच्या लिलावालाही हे तत्त्व लागू झाले.

श्रोतेहो, आता सुताराचा प्रश्न. त्याचे अगदी नेमके उत्तर मला एका मुंबईच्या प्रकरणात सापडले. मुंबईच्या विमानतळावर एक दुसऱ्या वर्गाचे उपाहारगृह आणि दोन फराळाची दुकाने चालविण्यासाठी टेंडर निघाले होते. अट अशी की, टेंडर भरणारा निदान पाच वर्षांच्या अनुभवाचा, दुसऱ्या वर्गाचा नोंदलेला हॉटेलवाला असावा. ज्याला काम दिले त्याने उपाहारगृहे चालविली होती. पण ही अट त्याला लागू पडत नव्हती. रमणा दयाराम शेट्टी या नावाने हे प्रकरण प्रसिद्ध आहे, आणि निकाल ४ मे १९७९ चा, न्यायमूर्ती भगवती यांचा. त्यांनी ठरविले की, सरकारने अथवा सरकारी संस्थेने जे माप स्वतः जाहीर केले, त्याच मापाने तिने चालले पाहिजे. अट वाचून जे प्रामाणिकपणे दूर राहिले, त्यांना नकळत वगळून दुसऱ्याला अट माफ करणे हा समतेच्या हक्काचा भंग आहे. माझ्या विद्यार्थ्याने ओसरीवर बसून जे विचारले होते, त्याचेच हे उत्तर नव्हे काय?

पण निकालाचे शेवटचे पान वाचून मी खिन्न झालो. तत्त्व मान्य झाले तरी अर्जदाराला दाद मिळाली नाही. तो उशिरा आला होता. त्याने स्वतः टेंडर भरलेले नव्हते. आणि काम मिळालेल्या माणसाने दरम्यान बराच खर्च करून उपाहारगृह सुरू केले होते. कोर्टाने म्हटले की, इतक्या उशिरा हे मोडणे न्यायाचे होणार नाही. बाकांवर मुले बसली होती, तसेच हे! पुढे १९९४ साली टाटा सेल्युलर प्रकरणात कोर्टाने आपली मर्यादाही आखून घेतली. कोणते टेंडर अधिक चांगले हे कोर्ट ठरविणार नाही. निर्णय कोणत्या रीतीने घेतला एवढेच ते पाहील. पक्षपात, मनमानी किंवा नियमभंग दिसला तर ते हात घालील, एरवी नाही. ही मर्यादा मला योग्य वाटते. न्यायाधीशाने सुताराची पारख करू नये. पण ज्या मापाने पारख झाली ते माप खोटे नव्हते ना, हे त्याने अवश्य पाहावे.

म्हणून दाद मागण्यात वेळेला फार महत्त्व आहे. शिवाय प्रत्येक तक्रार हायकोर्टात नेणे गरीब माणसाला परवडत नाही. सुदैवाने आज जवळच्या वाटाही आहेत. महाराष्ट्रात १९७१ च्या कायद्याने लोकायुक्ताची संस्था उभी राहिली. लोकायुक्त चौकशी करून सरकारकडे शिफारस करतात. जिल्ह्याच्या ठिकाणी महिन्याच्या पहिल्या सोमवारी लोकशाही दिन भरतो. २००५ च्या माहितीच्या अधिकाराने कोणाही नागरिकाला टेंडरची टिपणे आणि निर्णयाची कारणे मागता येतात, आणि त्यासाठी तीस दिवसांची मुदत आहे. २०१५ साली सेवा हक्काचा कायदाही झाला. कागद मात्र लेखी हवा, तारखेचा हवा आणि त्याची पोच हवी. तोंडी तक्रार वाऱ्यावर जाते.

आणखी एक गोष्ट सांगून मी भाषण संपवितो. हे सर्व निकाल वाचताना मी एक नाव शोधीत होतो, आणि ते मला कोठेही आढळले नाही. पान तोडणारी बाई आणि विडी वळणारा मजूर यांचे नाव. विड्यांच्या पुरवठ्यावरून निवडणूक रद्द झाली, पानांवरून व्यापारी आणि सरकार वर्षानुवर्षे भांडले. पण ज्यांच्या बोटांना पानाचा चीक लागला ते त्या कज्ज्यांत पक्षकार नव्हते. ही उणीव अंशतः भरून निघाली ती २००६ च्या वनहक्क कायद्याने. गौण वनोपजावर, त्यात तेंदूचे पान आणि बांबूही आले, जंगलात राहणाऱ्या लोकांचा हक्क या कायद्याने मान्य केला. गोंदिया आणि गडचिरोलीकडील कित्येक ग्रामसभा आता आपल्या पानांचा लिलाव आपणच करतात. ज्या अटी एके काळी साहेब घालीत होता, त्या आता गावाने घालावयाच्या आहेत. तेव्हा गावानेही आपले माप जाहीर करावे, ते कोणासाठी वाकवू नये, आणि ज्याला नाकारले त्याला कारण सांगावे. सरकारवर घातलेले बंधन गावाने आपणहून पाळले, तर या जुन्या कज्ज्यांचे श्रम वाया गेले नाहीत असे होईल.

माझ्या विद्यार्थ्याला मी हे सारे सांगितले तेव्हा तो म्हणाला, "म्हणजे गुरुजी, मी चार महिने बसून राहिलो ही माझीच चूक."

मी म्हटले, "अट मोडणाऱ्याची चूक पहिली. तुझी दुसरी."

पुढच्या वर्षी त्याचा तीन वर्षांचा अनुभव पुरा झाला आणि त्याने दुसऱ्या एका कामाचे टेंडर भरले. ते नामंजूर झाले. या वेळी त्याने त्याच आठवड्यात लेखी कारण मागितले. मुदतीत उत्तर आले. एक दाखला जोडावयाचा राहिला होता. काम काही त्याला मिळाले नाही. परंतु तो कागद घेऊन तो माझ्या ओसरीवर आला, तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर मागील वेळची कडवट छाया नव्हती. त्याने दाखल्याचे नाव वहीत लिहून घेतले आणि पुढचे टेंडर कधी निघते ते मला विचारले.